इश्तवानच्या नमुन्यातला भारत

माणसाला आपले पूर्वज कोण होते हे जाणून घ्यायची हौस असते, असं सगळे म्हणतात. मला ते फारसं पटत नाही. ज्या लोकांच्या गालातून मी आयुष्यभर काडी फिरवली, त्यांना आपले पूर्वज कोण हे आधीच ठाऊक होतं. त्यांना फक्त आमचा शिक्का हवा होता. शिक्का मनासारखा उमटला की चॉकलेटचे डबे यायचे, नाही उमटला की आमची लॅब बोगस.

मी मूळची नाशिकची. लग्न झालं आणि नवऱ्याच्या रिफायनरीतल्या नोकरीमागोमाग कुवेतला आले. आम्ही फहाहीलला राहायचो. बायोकेमिस्ट्रीची पदवी कपाटात ठेवून मी काही वर्षं मुलीचे डबे भरले, आणि मग हवल्लीतल्या एका खासगी जेनेटिक लॅबमध्ये लागले ती निवृत्तीपर्यंत. आमचं मुख्य काम गंभीर असायचं. लग्नाआधीच्या तपासण्या, मुलांचे आनुवंशिक आजार, थॅलेसेमिया. वंशावळीची तपासणी नंतर सुरू झाली, आणि ती आम्ही बाजूचं दुकान म्हणूनच धरायचो. तिचं गिऱ्हाईक मुख्यतः युरोपियन. आपल्या लोकांना गोत्र पाठ असतं, अरबांना कबिला पाठ असतो. त्यामुळे दोघांनाही काडीची गरज वाटत नाही.

ही तपासणी म्हणजे काय, ते आधी सांगते. गालाच्या आतून कापसाची काडी फिरवायची. तिला चिकटलेल्या पेशींमधून डीएनए वेगळा काढायचा. मग त्यातल्या ठरावीक लाखो जागा वाचायच्या आणि जगभरातल्या लोकांच्या नमुन्यांशी ताडून पाहायच्या. कोणत्या प्रदेशातल्या लोकांशी किती जुळतं, यावरून अंदाज बांधायचा. अंदाजच तो. पण आता हाडांमधूनही डीएनए काढता येतो, हजारो वर्षांपूर्वी पुरलेल्या माणसांच्या हाडांमधून, त्यामुळे अंदाजाला पाया आला आहे.

युरोपच्या लोकांबद्दल त्यातून जे कळलं ते मी गिऱ्हाइकांना सांगायची तेव्हा मला थालिपिठाची भाजणी आठवायची. भाजणीत ज्वारी, बाजरी, डाळी सगळं दळलेलं असतं. दाणा ओळखू येत नाही, पण चव घेणाऱ्याला प्रमाण कळतं. युरोपच्या भाजणीत मुख्य धान्यं तीन. पहिले तिथले जुने शिकारी. दुसरे आजच्या तुर्कस्तानच्या बाजूनं आलेले शेतकरी, ज्यांनी गहू आणि मेंढ्या आणल्या. आणि तिसरे साधारण पाच हजार वर्षांपूर्वी पूर्वेच्या गवताळ मैदानांतून गाड्या-गुरांसकट आलेले पशुपालक. आजचा जवळजवळ प्रत्येक युरोपियन म्हणजे या तिघांचं कमीजास्त पीठ. शुद्ध कुणीच नाही. आणि ज्याला त्याला शुद्धच हवं असतं.

कुवेतच्या रुमैथिया भागात राहणाऱ्या एक इंग्लिश शिक्षिका होत्या. त्यांना मी सांगितलं, की पश्चिम युरोपातल्या त्या जुन्या शिकाऱ्यांपैकी बरेच जण सावळ्या, अगदी गडद कातडीचे असावेत, आणि डोळे मात्र निळे. त्यांनी माझ्या हातांकडे पाहिलं.

"म्हणजे तुमच्यासारखे?"

"माझ्याहून काळे."

बाईंनी बाही वर सरकवून स्वतःचा हात पाहिला. मग म्हणाल्या, "आणि आम्ही रंग यावा म्हणून दर शुक्रवारी बीचवर पडून असतो." मला त्या बाई तेव्हापासून आवडतात.

एक सार्डिनिया बेटावरचा वेल्डर आला होता. त्या बेटावर बाहेरून माणसं कमी गेली, त्यामुळे तिथल्या लोकांत जुन्या शेतकऱ्यांचा अंश सर्वांत जास्त राहिला आहे. त्यानं विचारलं, ते शेतकरी काय पिकवायचे. मी म्हटलं, गहू, बार्ली, मसूर. "मसूर मला अजून आवडते," तो म्हणाला आणि समाधानानं गेला. इतकं सरळ गिऱ्हाईक पुन्हा मिळालं नाही.

आपल्या लोकांतलं एकच उदाहरण सांगते. आमच्या मराठी मंडळात एक घाऱ्या डोळ्यांचे काका होते. आपले पूर्वज पश्चिमेकडून जहाजातून आले, असा त्यांचा ठाम समज. स्वतःहून पैसे भरून तपासणी करून घेतली. निघालं ते हे, की त्या गवताळ मैदानांतले पशुपालक भारताकडेही आले होते आणि त्यांचा अंश कमीजास्त आपल्या सगळ्यांत आहे. काकांच्यात शेजाऱ्यापेक्षा थोडा जास्त असेल. जहाजाचा मात्र पत्ता नाही. काकांनी रिपोर्ट घडी घालून खिशात ठेवला आणि म्हणाले, "वहिनी, मशीन चायनाचं आहे का हो?" पुढच्या गणपतीत पाहते तर जहाज पुन्हा किनाऱ्याला लागलेलं.

असं सगळं हसत चाललं होतं. मग इश्तवान आला, आणि त्यानंतर मला या कामाचं हसू येईनासं झालं.

इश्तवान हंगेरीचा. फहाहीलच्या बाजूच्या एका प्लांटवर इंजिनिअर. उंच, तांबूस मिशांचा, मोकळ्या आवाजाचा माणूस. बायको मार्ता आणि सात वर्षांची मुलगी जुली यांना घेऊन आला. मोठ्या उत्साहानं सांगू लागला, की हजार-अकराशे वर्षांपूर्वी पूर्वेकडून घोड्यांवर बसून आलेल्या धनुर्धरांनी हंगेरी वसवलं. आपण त्यांचे थेट वंशज. सुट्टीत गावी गेला की तो घोड्यावरून बाण मारायचा खेळ खेळतो म्हणे. फोनवर फोटोही दाखवले. मला तो माणूस आवडला. स्वतःच्या देशावर असं प्रेम करणारा माणूस परक्या वाळवंटात भेटला की बरं वाटतं.

फोटो दाखवता दाखवता एकात मागे काही पोरं उभी होती. तो सहज म्हणाला, "ती सोडा. ती आमच्याकडची जिप्सी पोरं. खिसा सांभाळावा लागतो." मार्तानं खिडकीबाहेर पाहिलं. मी ते तेव्हा पाहिलं, पण त्यातून काही समजलं नाही.

मुलगी खुर्चीवर मान मागे टाकून बसली होती. दोन्ही पापण्या अर्ध्या मिटलेल्या. झोप आली असेल असं मला वाटलं, पण ती झोपेत नव्हती. पापण्या उचलता येत नसल्यानं ती हनुवटी वर करून आमच्याकडे बघत होती. मी विचारलं तेव्हा इश्तवानचा आवाज एकदम उतरला. लहानपणापासून आहे, म्हणाला. दुपारनंतर वाढतं, जिना चढवत नाही, घास चावताना दमते. डॉक्टरांनी निदान केलं होतं, की शरीर स्वतःच्याच स्नायूंवर हल्ला करतंय. म्हणून स्टेरॉइड चालू होते. पोरगी सुजली होती आणि सुधारणा शून्य. उन्हाळ्यात युरोपला नेऊन छातीतली एक ग्रंथी काढायची ठरलं होतं.

"ऑपरेशननंतर ठीक होईल," तो म्हणाला.  मार्ता सुकलेल्या ओठांवरून जीभ फिरवत होती, म्हणून मी आमच्या रिसेप्शनच्या बिजूला हिंदीत सांगितलं, "बिजू, मॅडम को पानी दो." मार्तानं चमकून माझ्याकडे पाहिलं. बिजू उठायच्या आधीच तिनं ग्लाससाठी हात पुढे केला होता.

इश्तवानचा निकाल आला आणि आमच्या लॅबमध्ये गडबड उडाली. त्याचा मोठा भाग अपेक्षेप्रमाणेच होता, म्हणजे त्याच्या अपेक्षेप्रमाणे नव्हे, आमच्या. ते घोडेस्वार खरोखर आले होते, भाषा त्यांचीच टिकली, पण माणसं थोडी होती आणि आजूबाजूच्या लोकांत मिसळून गेली. त्यामुळे आजचा हंगेरियन माणूस रक्तानं बराचसा आपल्या शेजाऱ्यांसारखाच असतो. हे आम्हाला नवीन नव्हतं. गडबड वेगळीच होती. त्याच्या नमुन्यात थोडासा, पण ठळक असा भारतीय अंश दिसत होता.

आता आमच्या धंद्यातली एक गोष्ट सांगायला हवी. नमुन्यात काम करणाऱ्याचा डीएनए मिसळला, तर नेमकं असंच दिसतं. एक शिंक, हातमोज्याला लागलेला एक केस एवढं पुरतं. म्हणून लॅबमध्ये रुजू होताना प्रत्येकाला आधी स्वतःची लाळ द्यावी लागते. आमचे सगळ्यांचे नमुने कॉम्प्युटरमध्ये असतात. संशय आला की पहिल्यांदा घरच्यांची झडती. युरोपियनाच्या नमुन्यात भारत सापडला म्हटल्यावर सगळ्यांच्या नजरा माझ्याकडे वळल्या. त्या काडीला हात लावणारी भारतीय मीच होते.

आमच्या मुख्य डॉक्टर हनान इजिप्तच्या. कामात कडक, मनानं मोकळ्या. "या सुनंदा," त्या त्यांच्या अरबी धाटणीनं हाक मारून म्हणाल्या, "तू याच्यात सांडलीस की काय?" मला ते मनातून फार लागलं. इतक्या वर्षांत माझ्या हातून एक नमुना खराब झाला नव्हता.

मग त्यांनीच पुढचं पान उघडलं आणि कपाळावर हात मारला. भारताशी जुळणारी सर्वांत स्पष्ट खूण वाय क्रोमोसोमवर होती. हा क्रोमोसोम बापाकडून मुलाकडे जातो आणि बाईकडे तो नसतोच. "सुटलीस," डॉक्टर म्हणाल्या. मग लॅबमधला भारतीय पुरुष म्हणून बिचाऱ्या बिजूचा नमुना ताडून पाहिला. त्याच्याशीही जुळेना. तरी नियम म्हणून इश्तवानला पुन्हा बोलावलं, डॉक्टर हनान यांनी स्वतः काडी फिरवली आणि मला खोलीबाहेर उभं केलं. निकाल तोच आला.

युरोपात अशी खूण कुठून येते, हे आम्हाला माहीत होतं. ज्यांना जिप्सी म्हणतात, ते रोमा लोक हजार-पंधराशे वर्षांपूर्वी भारताच्या वायव्येकडून निघाले. इराण, आर्मेनिया, तुर्कस्तान असं करत युरोपभर पांगले. वाटेत खूप मिसळले, पण मूळ पुसलं गेलं नाही. त्यांचं रक्त तपासलं तर ते आजही स्पष्ट दिसतं. इश्तवानच्या वडिलांच्या सरळ रेषेत, पणजोबा किंवा त्याआधी, कुणीतरी त्या लोकांपैकी होता.

डॉक्टर हनान यांनी त्याला केबिनमध्ये बसवून हे शांतपणे सांगितलं. मार्ता शेजारी होती. मी रिपोर्ट घेऊन दाराशी उभी होते. त्यानं सगळं ऐकलं आणि मग मान वळवून माझ्याकडे पाहिलं.

"तुमच्या लॅबमध्ये सगळे इंडियनच भरलेत," तो म्हणाला. "दुसरं काय सापडणार?"

डॉक्टरांनी समजावून पाहिलं. तो ऐकायला तयार नव्हता. डॉक्टरांनी मग मुलीचा विषय काढला. कुटुंबात आणखी कुणाला असा पापण्यांचा त्रास आहे का, असं विचारलं. "आमच्या दोन्ही घराण्यांत असलं काही नाही," तो म्हणाला. डॉक्टरांनी मार्ताकडे पाहिलं. तिनंही नकारार्थी मान हलवली. हातात दिलेला रिपोर्ट टेबलावरच टाकून तो निघून गेला.

मला राग आला होता. आपण बोट न लावता आपल्यावर डाग यावा, तोही आपल्या देशाच्या नावानं, याचा राग. घरी येऊन यांना सांगितलं तर हे म्हणाले, "तू कशाला मनावर घेतेस? त्याला जे झोंबलं ते तू नाहीस." खरं होतं ते.

त्यानंतरच्याच आठवड्यात मार्ता एकटी आली. नंबर लावला नाही, थेट माझ्या टेबलाशी येऊन उभी राहिली. कुठे बोलता येईल, असं विचारलं. आमच्याकडे नमुने घ्यायची एक लहान खोली होती, तिथे नेलं. बसल्यावर तिनं पहिल्यांदा जे सांगितलं ते असं: "तू त्या दिवशी पानी म्हणालीस. माझी आजी पाण्याला पानी म्हणायची. कानालाही कानच म्हणायची."

मी माझी खुर्ची तिच्याजवळ ओढली.

मार्ता रोमा होती. नावापुरती नव्हे, पुरती. गावाबाहेरच्या वस्तीत जन्मली, शाळेत मागच्या बाकावर बसली, मोठी झाल्यावर शहरात येऊन आडनाव बदललं. रंगानं उजळ असल्यानं निभावून गेलं. इश्तवानला तिनं सांगितलं होतं, की आई-वडील वारले, कुणी नाही. आई जिवंत होती. भाऊ जिवंत होता. ती वर्षातून एकदा कुणालाही न सांगता आईला फोन करायची.

"माझ्या धाकट्या भावाच्या पापण्या अशाच आहेत," ती म्हणाली. "जन्मापासून. वस्तीत आणखी दोन घरांत अशी मुलं होती. आम्ही त्यांना वर बघणारे म्हणायचो. डॉक्टर दर वेळी विचारतात, कुटुंबात कुणाला आहे का. इश्तवान शेजारी बसलेला असतो. मी नाही म्हणते."

ती रडत नव्हती. ते मला जास्त जड गेलं.

"आधी मला वाटायचं, फक्त माझ्याकडून आलं असेल तर इतकं कसं होईल. माझ्या आईला काही नाही, वडिलांना काही नव्हतं. पण आता त्याच्यातही निघालं. दोघांकडून येऊन असा आजार होतो का, सुनंदा?"

हे उत्तर द्यायचा अधिकार माझा नव्हता. मी तिचा हात धरून तिला डॉक्टर हनान यांच्याकडे नेलं. डॉक्टरांनी दार लावून घेतलं आणि सगळं ऐकलं. मग समजावून सांगितलं. रोमा लोक थोड्या माणसांपासून वाढले आणि शतकानुशतकं आपापसांतच लग्नं करत राहिले. अशा समाजात एखादा जुना बिघाड घराघरांत लपून राहतो. एकाच बाजूनं आला तर माणसाला काही होत नाही. दोन्ही बाजूंनी आला की मूल आजारी पडतं. नस आणि स्नायू यांच्यामधला निरोप पोचवणारी जागाच कच्ची राहते. असा एक बिघाड रोमा लोकांत बऱ्यापैकी आढळतो, आणि भारत-पाकिस्तानच्या बाजूलाही तोच सापडतो. तिथूनच तो त्यांच्याबरोबर चालत गेला असावा.

"तसं असेल," डॉक्टर म्हणाल्या, "तर तिचं शरीर स्वतःवर हल्ला करत नाहीये. स्टेरॉइडचा उपयोग नाही. ऑपरेशनचा तर नाहीच. वेगळ्या साध्या गोळ्या लागतात. पण आधी तपासायला हवं."

मार्ता उभीच राहिली. "आजच तपासा."

पण आमच्याकडे लहान मुलांच्या तपासणीला वडिलांची संमती लागायची. म्हणजे तिला इश्तवानला सांगावं लागणार होतं. डॉक्टर म्हणाल्या, आम्ही त्याला नुसतं आजाराबद्दल सांगू, तुझं नाव न घेता. मार्तानं विचार केला आणि नको म्हणाली. भावाच्या डोळ्यांबद्दल सांगितल्याशिवाय तो या लॅबच्या कागदावर सही करणार नाही, हे तिला पक्कं माहीत होतं. ऑपरेशनची तारीख जवळ आली होती.

तिनं त्याला काय सांगून आणलं कोण जाणे. त्याच लहान खोलीत ते दोघं बसले, डॉक्टर समोर, आणि मी काडी हातात घेऊन कोपऱ्यात. मी बाहेर जाते म्हटलं तर मार्ता म्हणाली, थांब. जुली बाहेर बिजूपाशी चित्रं काढत होती.

"माझा भाऊ आहे," मार्ता म्हणाली. "त्याच्या पापण्या जुलीसारख्या आहेत."

"तुला भाऊ नाही."

"आहे. आई पण आहे. मी तिथलीच आहे, इश्तवान. तू ज्यांच्यासमोर खिसा सांभाळतोस, त्या वस्तीतली."

इतका मोठा माणूस, खुर्चीत लहान दिसू लागला. तो ओरडेल असं मला वाटलं होतं. तो अगदी हळू आवाजात म्हणाला, "इतकी वर्षं. का नाही सांगितलंस?"

"का नाही सांगायचं, ते तूच तर सांगत होतास. रोज."

डॉक्टरांनी कागद पुढे सरकवला. तो त्याकडे बघेना. भिंतीकडे बघत बसला.  माझ्या मनात एकच गोष्ट होती, की हा आता उठून जाईल आणि त्या पोरीची छाती उघडली जाईल.  तेवढ्यात दार उघडून जुली आत आली. तिला चित्र दाखवायचं होतं. तिनं हनुवटी वर केली आणि त्या अर्ध्या मिटल्या डोळ्यांनी बापाकडे पाहिलं. "अपा," ती म्हणाली. त्यांच्याकडे बाबांना असंच म्हणतात.

त्यानं सही केली. पेन परत देताना माझ्याकडे पाहिलं नाही.

निकाल डॉक्टरांना वाटला तसाच आला. तोच बिघाड, आईकडूनही आणि बापाकडूनही. ऑपरेशन रद्द झालं. स्टेरॉइड हळूहळू कमी केले. नव्या गोळ्यांनी काही दिवसांतच फरक दिसू लागला. पूर्ण बरी होत नाहीत ही मुलं, हे सांगायला हवं. आयुष्यभर गोळ्या लागतात आणि पळापळीत दमतातच. पण जुली एक दिवस दुपारी लॅबमध्ये आली ती सरळ समोर बघत. तिचे डोळे तपकिरी होते. मला इतके दिवस ते माहीत नव्हतं. त्या दिवशी मी टॉयलेटमध्ये जाऊन रडले, आणि बाहेर येऊन पाहते तर डॉक्टर हनान यांचेही डोळे लाल होते.

मार्ता तेव्हा एकटीच आली होती पोरीला घेऊन. घरात कसं आहे, असं मी विचारलं. "बोलत नाही," ती म्हणाली. "माझ्याशी नाही, स्वतःशीही नाही." शाळेला सुट्टी लागली तशी ती जुलीला घेऊन आईकडे गेली. थेट त्या वस्तीत. आजी मेली असं ऐकत वाढलेल्या पोरीला आजी भेटली.

उन्हाळ्यात कुवेत रिकामं होतं. भर दुपारी लॅबमध्ये मी आणि बिजू दोघंच होतो, तेव्हा इश्तवान आत आला. मिशा वाढलेल्या, शर्ट घामानं अंगाला चिकटलेला. काउंटरशी उभा राहून म्हणाला, "मला माझा रिपोर्ट हवा आहे. मी टाकून गेलो होतो तो."

मी तो काढून दिला. त्यानं उघडला नाही. हातात धरून उभा राहिला.

"मी तिकडे जायचं म्हणतोय," तो म्हणाला. "मार्ताला फोन केला. म्हटलं, हा रिपोर्ट घेऊन येतो, तुझ्या आईला दाखवतो. मीही त्यांच्यातलाच आहे म्हणून."

"मग?"

"ती म्हणाली, यायचं असेल तर ये. कागद आणू नकोस. म्हणाली, त्या कागदात आमचं काहीच निघालं नसतं तर तू आला असतास का, ते आधी स्वतःला विचार."

 त्याचं ते इंडियन म्हणणं मी विसरले नव्हते, आणि खोटं कशाला सांगू, समोरच्या माणसाची जिरलेली पाहून एक क्षण बरंही वाटलं. पण तो क्षण टिकला नाही. जिरल्यावर माणूस असा उघडा पडतो, की त्याच्याकडे बघवत नाही.

"मॅडम," तो म्हणाला, "ते लोक मला घरात घेतील का?"

"तुम्ही त्यांना घेतलं असतंत का?"

 त्यानं उत्तर दिलं ते खरं दिलं. "नाही."

मग तो रिपोर्टचं पाकीट काउंटरवर ठेवून निघून गेला. बिजूनं विचारलं, मॅडम, इसका क्या करना है? मी म्हटलं, ठेव परत कपाटात. माणसांचे रिपोर्ट आम्ही फेकत नाही.

या कामात मी लोकांना त्यांचे दहा हजार वर्षांपूर्वीचे नातेवाईक दाखवले. कोण कुठून निघालं, कुणात मिसळलं, ते काडीनं कळतं. दारात उभा राहिलेला माणूस आत घ्यायचा की नाही, हे मात्र ज्याचं त्यानं ठरवायचं असतं. याची मला खंत वाटते. एवढी मशीनं, एवढं शिक्षण, आणि शेवटी त्या वस्तीतल्या एका म्हाताऱ्या बाईच्या मनावर सगळं येऊन थांबतं.

सुट्टी संपता संपता मार्ताचा मेसेज आला. भावाला तिकडच्या डॉक्टरांनी त्याच गोळ्या सुरू केल्या होत्या. चाळिशीच्या उंबरठ्यावर त्यानं पहिल्यांदा मान न उचलता आपल्या आईचं तोंड पाहिलं, असं तिनं लिहिलं होतं. आणि खाली इश्तवानबद्दल एवढंच:

"तो आला. हातात काही नव्हतं. आईनं तो कोण, कुठला, काही विचारलं नाही. त्याला जेवायला वाढलं."